पोटखराबा, वर्ग ब

पोटखराबा या शब्दाचं इंग्रजी नीट सांगायची वेळ माझ्यावर आयुष्यात एकदाच आली आणि मी ती वाया घालवली. पुष्कळ वर्षं झाली त्याला. तरी अजून कुणी सातबारा पुढ्यात टाकला की माझी नजर आधी त्या ओळीवर जाते आणि सगळा दिवस नासतो.

ज्यांनी सातबारा कधी धड वाचला नसेल त्यांच्यासाठी सांगतो. गटातली जी जागा पिकाखाली येत नाही ती पोटखराबा. तिचे दोन वर्ग. खडक, घळ, नाला हा वर्ग अ. विहीर, पाणंद, स्मशान, दफनभूमी, म्हणजे जी जागा लोकांच्या वापरासाठी राखून ठेवली आहे, ती वर्ग ब. अ वर्गातला खडक उद्या कुणी फोडून काढला, नांगराखाली आणला, तर आणू दे. ब ला हात लावायचा नाही. आमच्या खात्याने आयुष्यभर मला पिडलं, पण हा एक भेद करणारा जो कोण कारकून असेल त्याच्याविषयी मला आदर आहे.

नाशिक जिल्ह्यात मोजणीखात्यात आठ वर्षं काढून मी अरबांच्या मुलखात, यान्बूला गेलो. तेलाला सोन्याचे दिवस आले होते आणि तांबड्या समुद्राच्या काठावर रिफायनरी, धक्का, पाइपलाइनी आणि त्या चालवणाऱ्या माणसांसाठी एक अख्खं शहर, असं सगळं एकदम उभं करायचं होतं. बांधकामाच्या आधी जमीन मोजायची, असेल ते नकाशावर घ्यायचं, हे आमचं काम. नकाशावर जमिनीचे पाच प्रकार आणि प्रत्येकाला एक इंग्रजी अक्षर. बांधलेली, लागवडीची, चराऊ, रस्ते-तारांखालची, आणि यातलं काहीच नसेल तर वेस्ट, म्हणजे डब्ल्यू. विहिरीला अक्षर नव्हतं. कबरींना नव्हतं.

या प्रकारांचा तक्ता बनवणारा आमचा चीफ सर्व्हेअर इंग्रज होता. साठीला टेकलेला, उन्हाने लालबुंद झालेला, उत्तर इंग्लंडातल्या एका खेड्यातला. माणूस वाईट नव्हता, आणि याचीच मला जास्त चीड येते. चहाच्या वेळेला तो मला स्वतःच्या केबिनमध्ये बसवून घ्यायचा. इतर साहेब हिंदुस्थान्यांना दारातूनच कागद द्यायचे.

त्याला एकच नाद होता, जुनी गावं कशी वसली याचा. नऊशे वर्षांपूर्वी समुद्रापलीकडून आलेल्या एका राजाने इंग्लंड जिंकलं आणि वीसेक वर्षांनी साऱ्या मुलखाची मोजदाद करवली. कारकून गावोगाव फिरले. गावाचं नाव काय, आधी कुणाकडे होतं, आता कुणाकडे आहे, नांगर किती, माणसं किती, गिरणी आहे का, मासे धरायची जागा आहे का, सगळं विचारून लिहून घेतलं. राजाचे कारकून परभाषेतले, त्यामुळे गावांची नावं त्यांनी कानाला पटतील तशी वाकडीतिकडी लिहिली. साहेबाच्या गावाचं नाव 'बी'वर संपायचं. ते 'बी' म्हणजे त्याच्याही आधी आलेल्या डेन लोकांच्या भाषेतलं गाव. मी त्याला आमचं खुर्द आणि बुद्रुक सांगितलं, फारसीतून आलेलं, धाकटं आणि थोरलं. तो इतका खूश झाला की त्याने ते वहीत लिहून घेतलं.

त्याच्या गावाला त्या दप्तरात दीड ओळ मिळाली होती. त्या पानाची छायाप्रत त्याने टेबलाच्या काचेखाली ठेवली होती. ओळीच्या शेवटी लिहिलं होतं, ओसाड आहे. मी विचारलं, ओसाड कशाने? तो म्हणाला, मोजणीच्या आधी सोळा-सतरा वर्षं त्याच राजाच्या फौजेने उत्तरेकडची गावंच्या गावं जाळली होती. आणि हे सांगताना त्याचा चेहरा फुललेला. एवढ्या राखेतून आम्ही पुन्हा उभे राहिलो, ही दीड ओळ म्हणजे आमचा जन्मदाखला, असं तो म्हणायचा. मी त्याला आमच्या दप्तरातला बेचिराख शब्द सांगितला, ज्या गावात दिवा लावायलाही कुणी उरलं नाही ते गाव. तोही त्याने लिहून घेतला. गधड्यासारखा मीही खूश झालो.

मग आमच्या मोजणीत ओढ्याच्या मुखापाशी एक वस्ती आली. सात घरं, समुद्रातल्या पोवळ्याच्या दगडांची आणि मोडक्या गलबतांच्या फळ्यांची. एक विहीर, खजुराची दहा-बारा झाडं, वाळूवर ओढलेल्या होड्या. स्टाफ, म्हणजे मोजणीची उंच पट्टी, धरायला माझ्याबरोबर दापोलीकडचा एक कोकणी मुसलमान असायचा. वयाने मोठा म्हणून मी त्याला चाचा म्हणत असे. घरांमागच्या उंचवट्यावर मी ट्रायपॉड घेऊन चढायला लागलो तसा त्याने माझा दंड धरला.

"सायेब, पाय जपून टाका," तो म्हणाला. "हितं मानसं निजलीत."

तेव्हा मला दिसलं. उशाला एक दगड, पायथ्याला एक दगड. त्यावर नाव नाही, चुना नाही, काही नाही. तिकडची रीतच तशी. मेलेल्याचं नाव दगडावर कोरायचं नाही.

वस्तीतला म्हातारा आमच्यामागून वर आला. बोटीने आलेल्या हाजींना जहाजावरून किनाऱ्याला पोचवण्यात त्याची तरुणपणीची वर्षं गेली होती, त्यामुळे त्याला मोडकंतोडकं हिंदुस्थानी येत होतं. मी त्याला अम्म म्हणे, काका या अर्थाने. तो मला मुहंदिस म्हणे. दुर्बिणीला डोळा लावणारा प्रत्येक हिंदी माणूस त्याच्या लेखी इंजिनिअर होता. त्याने आम्हाला तीन ठिकाणी उभं करून दाखवलं. ही आई. ही बायको. ही दोन लेकरं, एकाच तापात गेलेली. वस्ती उठणार हे त्याच्या कानावर आलं होतं आणि त्याबद्दल त्याची तक्रार नव्हती. धाकटा मुलगा तर शहरात पक्कं घर मिळणार म्हणून नाचत होता. म्हाताऱ्याचं मागणं एवढंच होतं.

"घर तोडो," तो म्हणाला. "ये मत तोडो. तुम लिखो. जो लिखा वो रहेगा. जो नहीं लिखा वो यल्ला." यल्ला म्हणजे चला, निघा.

मी विहीर आणि उंचवटा मिळून हद्द मोजली. चाचा अनवाणी चालला, म्हणून मीही बूट काढले. वाळूने तळवे भाजून निघाले. मग फील्डबुकात काय लिहायचं हा प्रश्न आला. पाच अक्षरांतलं एकही बसत नव्हतं. आठ वर्षांची सवय होती, हात आपोआप चालला आणि मी इंग्रजीत लिहिलं, पी. के., कंसात बी. पोटखराबा, वर्ग ब. आमच्याकडे पोराटोरालाही कळलं असतं की इथे हात लावायचा नाही. आपण किती अचूक लिहिलं म्हणून मला बरंही वाटलं. म्हातारा माझ्या खांद्यावरून वहीत बघत होता. त्याला अरबीही वाचता येत नव्हतं.

"लिखा?" त्याने विचारलं.

"लिखा, अम्म."

त्याने आम्हाला तळलेले मासे खाऊ घातले. पुढचे आठ दिवस आम्ही त्या बाजूला काम करत होतो, आणि भेटला की तो रोज तेच विचारायचा आणि मी तेच उत्तर द्यायचो.

पंधरवड्याने मी वीस किलोमीटरवर दुसऱ्या ठिकाणी होतो. वारा असा की ट्रायपॉडला रेतीच्या गोण्या बांधल्या होत्या. जीपमधल्या वायरलेसवर साहेबाचा आवाज आला. नकाशा शाईने करायला घेतलाय, हे पी. के. म्हणजे काय? खात्याच्या परीक्षेसाठी इंग्रजी पुस्तकातून घोकलेलं उत्तर माझ्या ओठावर तयार होतं. मी ओरडलो, अनकल्टिव्हेबल वेस्ट, सर. तो थँक यू म्हणाला. बी कशाचा, ते त्याने विचारलं नाही. मी सांगितलं नाही. वाऱ्यात ओरडायचा कंटाळा आला होता, याहून मोठं कारण आजही मला सापडत नाही.

छापील नकाशा हातात पडला तेव्हा माझ्या तळपायाची आग मस्तकाला गेली. उंचवट्यावर मधोमध डब्ल्यू. आणि त्यावरून, पट्टी लावून ओढावी तशी, धक्क्याकडे जाणारी पाइपलाइनीची दुहेरी रेघ. मी नकाशा घेऊन थेट केबिनमध्ये शिरलो. ही दफनभूमी आहे, म्हणालो, विहीर आहे, माणसांची जागा आहे. साहेबाने शांतपणे विचारलं, पुरावा काय? शिलालेख आहे? भिंत आहे? मी म्हणालो, दगड आहेत, उशापायथ्याला. तो म्हणाला, वाळवंटात दगड सगळीकडेच असतात. नकाशा सही होऊन गेला, ठेकेदाराला पोचला. आणि मुख्य म्हणजे वेस्ट हा शब्द तुझा आहे.

हे खरं होतं, आणि खरं होतं म्हणूनच माझं डोकं फिरलं. मी त्याच्या टेबलाच्या काचेवर बोट ठेवलं.

"साहेब, तुमचं गाव ओसाड आहे असं कुणी लिहिलं? ज्याने जाळलं त्यानेच ना?"

त्याने काचेवरचं माझं बोट बाजूला सारलं. मग म्हणाला, "निदान आम्हाला एक ओळ तरी मिळाली."

"दीड," मी म्हणालो. "यांना एक अक्षर."

त्याने चष्मा काढून पुसला आणि मला सांगितलं की तू थकलेला दिसतोस, रजा घे. मी दुरुस्तीचा अर्ज लिहिला. त्याने तो घेतला, त्यावर तारीख टाकली आणि फाइलला लावला. त्या फाइलमधून तो कधी बाहेर आला असेल असं मला वाटत नाही. नऊशे वर्षांपूर्वीच्या गिरण्या मोजणारा माणूस! त्याच्या गावच्या शेतात नुसता जमिनीचा उंचवटा दिसला तरी इथे जुनं घर असावं म्हणून हा गुडघ्यावर बसून माती चिवडणार. आणि इथे कालपरवा पुरलेल्या दोन लेकरांसाठी त्याला शिलालेख हवा होता. त्याला मी माफ केलेलं नाही. पण वेस्ट त्याने म्हटलं नव्हतं, मी म्हटलं होतं.

नोकरी सोडावी असं मनात आलं. आलं आणि गेलं. इकामा, म्हणजे तिथे राहायचा परवाना, आणि पासपोर्ट दोन्ही कफीलच्या, म्हणजे आम्हाला आणवणाऱ्या मालकाच्या कपाटात, घरी सगळे माझ्याकडे डोळे लावून बसलेले. मी मुकाट्याने कामावर गेलो. महिन्याभराने पाइपलाइनीच्या खुंट्या मारायचं काम आलं, तेही माझ्याच पथकाकडे. उंचवट्यापाशी आल्यावर चाचाने स्टाफ खाली ठेवला.

"हितं मी धरनार नाय, सायेब. वाटलं तर माझं नाव द्या वरती."

मी त्याचं नाव दिलं नाही. दुसरा माणूस बोलावला आणि खुंट्या मारून घेतल्या. अकरा खुंट्या. त्या दिवशी मी बूट काढले नाहीत. वस्तीतली माणसं आदल्या आठवड्यातच ट्रकांतून शहरातल्या नव्या घरांत गेली होती, त्यामुळे बघायला कुणी नव्हतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी म्हातारा आमच्या ऑफिसात आला. धुतलेला पायघोळ थोब घातलेला, बाजारात येणाऱ्या कुणाच्या तरी गाडीतून आलेला. त्याला कागद बघायचा होता. मुलगा म्हणत होता की सगळं सपाट करणार आहेत, आणि तो मुलाला म्हणाला होता की मुहंदिसने लिहिलंय. आता त्याला एकदा स्वतःच्या डोळ्यांनी बघून घ्यायचं होतं.

मी नकाशा टेबलावर पसरला. खरं सांगायची तीच वेळ होती. सांगितलं असतं तर तो मुलांना घेऊन गेला असता, कुणा अमीराच्या दारात बसला असता, निदान हाडं उचलून दुसरीकडे नेली असती. डोझर यायला अजून दोन दिवस होते. दोन दिवस पुरले असते. त्याने बोट थोबाला पुसलं आणि विचारलं, कहाँ? मी डब्ल्यूवर बोट ठेवलं. तो वाकून खूप वेळ बघत राहिला. नकाशावरची पाइपलाइनीची रेघ त्याच्या बोटाखालून जात होती, पण रेघ म्हणजे काय हे त्याला कुणी सांगितलेलं नव्हतं.

"दो सांबुक," तो म्हणाला आणि हसला. त्या अक्षरात त्याला शेजारी शेजारी लावलेल्या दोन होड्या दिसल्या होत्या. "ये हम?"

"हाँ, अम्म. ये तुम."

त्याने माझा हात दोन्ही हातांत धरला आणि मला दुवा दिली. लांबलचक दुवा, माझ्या आईबापांसकट. मग मुलाला सांगायला तो घाईघाईने निघाला.

मी यान्बूत आणखी चार वर्षं राहिलो. म्हाताऱ्याचा मुलगा बाजारात मासळी विकायला बसतो असं चाचाने मला सांगितलं होतं. मी त्या चार वर्षांत मासळी खाल्ली नाही.