दोन ट्रॉल्या मागे घेणारे आबा

गेममधला ट्रॅक्टर मागे घ्यायचा झाला की आबा खुर्चीच्या पाठीवर डावा हात टाकून, मान वळवून मागे बघायचे. मागे भिंत होती आणि भिंतीवर कॅलेंडर. ट्रॅक्टर समोरच्या पडद्यावर. मी एकदा म्हटलं, "आबा, पुढं बघा, सगळं पुढंच दिसतंय."

ते म्हणाले, "बाई, पुढं बघून कुणी गाडी मागं घेतो व्हय?"

जन्मभर एकच काम केलेल्या माणसाचं काम सुटलं तरी हात सुटत नाहीत, हे तुम्हीही पाहिलं असेल. आबांनी उभं आयुष्य उसाच्या ट्रॅक्टरवर काढलं होतं. सांगवीच्या रानातून ऊस भरायचा, सोमेश्वरनगरच्या साखर कारखान्यावर खाली करायचा आणि रिकाम्या ट्रॉल्या खडखडवत परत यायचं. डोळ्याचं ऑपरेशन झालं तेव्हा मुलाने ट्रॅक्टर सोडायला लावला आणि नवरा-बायको दोघांना जळोचीला आपल्याकडे आणलं. पुढे मुलाचीच बदली झाली. त्याचा संगणक मागे राहिला आणि त्या संगणकात शेतीचा एक गेम.

माझा संगणक वर्ग त्यांच्या शेजारच्या गल्लीत. एक दिवस सकाळी आबा दारात चपला काढून उभे राहिले.

"बाई, मला संगणक शिकायचा न्हाय. एकच बटण शिकवा."

"कुठलं?"

"पुराव्याचं."

पुरावा कशाचा, हे सांगायला त्यांना अर्धा तास लागला. मी थोडक्यात सांगते. ट्रॅक्टरला एक ट्रॉली असली की मागे घेताना स्टेअरिंग उलटं फिरवावं लागतं. दोन असल्या की उलट्याचं उलटं. भले भले ड्रायव्हर तिथे हात टेकतात. आबांचं म्हणणं, आपण तरुणपणी एकदा कारखान्याच्या यार्डात वाट अडली तेव्हा दोन्ही ट्रॉल्या सरळ मागे घेतल्या होत्या. चहाच्या टपरीवर रोज त्यांच्यासमोर बसणारे अण्णा, तेही जुने ड्रायव्हर, म्हणायचे, थाप. तेव्हापासून आबा काहीही बोलले, पाऊस येणार म्हणाले तरी अण्णा शांतपणे विचारायचे, "त्या ट्रॉलीसारखा का?"

"गेममधी दोन ट्रॉल्या जोडता येत्यात," आबा म्हणाले. "मागं घिऊन दाखवतो. पर माझं वय झालंय, बाई. एकदा जमलं तर पुन्यांदा जमंल का, सांगता येत न्हाय. जमलं की ते धरून ठेवायचं बटण पायजे."

अशी सोय संगणकात आधीपासूनच असते. खिडकीचं चित्र असलेलं बटण आणि इंग्रजी जी अक्षराचं, दोन्ही एकदम दाबली की चालू गेमच्या वरच एक पट्टी उघडते आणि पडद्यावर चाललेलं चित्रित करता येतं. पाच मिनिटांचं काम म्हणून मी त्यांच्या घरी गेले. पट्टी उघडेना. सेटिंगमध्ये जाऊन पाहिलं, सगळं चालू. संगणक बंद करून पुन्हा लावला. काकूंनी, म्हणजे आबांच्या बायकोने, तोवर दोनदा चहा आणि एकदा भाजलेल्या शेंगा दिल्या. शेवटी माझं लक्ष कीबोर्डकडे गेलं. मुलाने हौसेने आणलेला, रंगीत दिव्यांचा. त्यावर कुलपाचं चित्र असलेलं एक बटण होतं. ते दाबलं की खिडकीचं बटण बंद पडतं, खेळताना चुकून दाबलं जाऊ नये म्हणून. ते दाबलेलं होतं.

"हे कुणी लावलं?"

"मीच लावतो की रोज," आबा म्हणाले. "कुलूप दिसल्यावर उघडं कशाला ठिवायचं?"

कुलूप काढलं आणि पट्टी उघडली. आबांनी वाकून ती निरखली. मग म्हणाले, "ही झूल हाय. बैलाच्या अंगावर टाकत्यात तशी. खाली बैल चालतोच." इतकी वर्षं मी संगणक शिकवते, मला हे इतकं नेमकं कधी सांगता आलं नव्हतं.

पण झूल चित्रीकरण करायला तयार नव्हती. कारण तिला हा गेम आहे हेच समजत नव्हतं. त्यावर उपाय सोपा असतो. 'हा गेम आहे हे लक्षात ठेवा' अशा अर्थाचा एक चौकोन असतो, त्यात खूण करायची. मी आबांना वाचून दाखवलं आणि त्यांनी माझा हात धरला.

"गेम? ह्यो गेम न्हाय, बाई. ह्यो ट्रॅक्टर हाय."

"आबा, नुसती खूण करायची."

"खोटी खूण करून पुरावा घ्यायचा व्हय?"

काकू आतून म्हणाल्या, "करा वो बाई तुमी. मी त्यास्नी बोलण्यात धरते." आणि खरोखरच त्यांनी आबांना डब्याचं झाकण उघडायला आत बोलावलं. मी खूण करून टाकली.

चार दिवसांनी आबा पुन्हा वर्गात. झूल चालत होती, पण चित्रीकरण सुरू करायला हात मोकळा नव्हता. हात मोकळा केला की मागची ट्रॉली आडवी व्हायची. मग मी दुसरी सोय चालू करून दिली. हिच्यात संगणक मागल्या मागे चित्रण करत राहतो. काम झाल्यावर बटण दाबलं की नुकतंच होऊन गेलेलं तो साठवून देतो. मी दोन मिनिटं ठरवून दिली.

आबांनी ते मला तीनदा सांगायला लावलं. "म्हंजी आधी करायचं. मग सांगायचं. आन् त्यानं मागचं धरून ठिवायचं."

"हो."

"हे तवा पायजे हुतं," असं म्हणत ते चपला घालू लागले. मला वाटलं, यार्डातल्या पराक्रमाची आठवण आली असेल.

पुढचे काही आठवडे झटापट चालली. मग एका दुपारी फोन आला. "बाई, गेली."

"काय गेलं?"

"मागं गेली. दोनीबी. धरूनबी ठिवली."

मी तशीच गेले. काकू पदराला हात पुसत येऊन उभ्या राहिल्या. मी चित्रण लावलं. परदेशातल्या कुठल्याशा शेतात लाल ट्रॅक्टर उभा होता आणि दोन ट्रॉल्या नागासारख्या वळवळत, सावरत, हळूहळू मागे शेडमध्ये शिरत होत्या. सुंदर होतं. पण माईक चालू राहिला होता. त्यामुळे इंजिनाच्या वर घरातला आवाज येत होता.

काकूंचा आवाज म्हणाला, "भाजी काय करू?"

आबांचा आवाज, "थांब. आता डावीकडं. आता सोड."

"त्या दिशी यार्डातबी असंच बडबडत हुता का?"

"त्या दिशी कुठलं काय. मागली ट्रॉली सोडवली आन् चौघांनी ढकलली. जमतंय ते आत्ता. सरळ, सरळ... भोपळा कर."

चित्रण संपलं. आबा कीबोर्डकडे बघत होते. पुराव्यातच कबुली निघाली होती.

"आवाज काढता येतो," मी म्हटलं.

"काढा," आबा म्हणाले.

दुसऱ्या दिवशी टपरीवर माझा लॅपटॉप मांडला. बिनआवाजाचं चित्रण सुरू झालं. अण्णा नाक पडद्याला लावून बघत होते. दुसरी ट्रॉली शेडमध्ये गेली तेव्हा त्यांनी चष्मा काढला, धोतराला पुसला.

"जमतंय की रं तुला. म्हंजी तवाबी जमलं असणार. मीच उगं येवढी वर्सं तुला थापाड्या म्हनलो." आणि त्यांनी हात पुढे केला.

आबांनी तो हात घेतला नाही. त्यांनी नुसतं त्या हाताकडे बघितलं. मग माझ्याकडे वळले.

"बाई, आवाजाचं लावा."

"आबा..."

"हाय न्हवं तुमच्याकडं? लावा."

मी लावलं. टपरीवाल्याने स्टोव्ह बारीक केला. 'चौघांनी ढकलली' आलं तेव्हा अण्णांनी चष्मा पुन्हा डोळ्यांवर चढवला. 'भोपळा कर' आलं आणि मागे कुणीतरी फिसकन हसलं. अण्णा हसले नाहीत. पुढे केलेला हात त्यांनी मांडीवर ठेवला.

"भोपळा केला का मग?" त्यांनी विचारलं.

"केला."

"उद्या मलाबी शिकीव हे," अण्णा म्हणाले आणि चहा सांगितला.

तेव्हापासून दुपारी दोघं त्या एका खुर्चीसाठी भांडायचे. अण्णा नको तिथे बोट लावायचे, की मला फोन. "बाई, अण्णानं झूल वडली. आता बैलच दिसंना." मी फोनवरून सांगायचे, पुन्हा खिडकी आणि जी. पलीकडून दोघांनी एकमेकांना दोष देणं ऐकू यायचं, आणि त्यामागे काकूंचं हसणं.

पुढे काकूंचे गुडघे जिना चढेनासे झाले आणि आबा-काकू इंदापूरला लेकीकडे राहायला गेले. जाताना आबांनी संगणक अण्णांना दिला. अण्णा मला फोन करत नाहीत. बिघडलं तर बिघडलेलंच खेळतात.

मागल्या उसाच्या हंगामात परीक्षेच्या कामाला मी इंदापूरला चालले होते. गावाच्या अलीकडे एस.टी. थांबली. एका आतल्या रस्त्याच्या तोंडाशी दोन रिकाम्या ट्रॉल्यांचा ट्रॅक्टर आडवा होऊन अडकला होता. ड्रायव्हर कोवळा होता, हॉर्न ऐकून घामाघूम झालेला. मी खिडकीतून बघितलं तर मागच्या ट्रॉलीशी आबा उभे होते.

"आबा, तुमी घेतल्यात का कधी दोन ट्रॉल्या मागं?" ड्रायव्हरने वैतागून विचारलं.

"खऱ्यातल्या न्हाय, बाबा. एकदाबी न्हाय," आबा म्हणाले.

"मग मला कसं सांगताय?"

"हितं हुत्यात तेवढ्या समद्या चुका माझ्या करून झाल्यात. तू घे. थोडं थोडं घे."

पोराने गिअर टाकला. तेवढ्यात आमच्या ड्रायव्हरला कडेने वाट मिळाली आणि गाडी हलली. मी हाक मारेपर्यंत आम्ही पुढे गेलो होतो. मागच्या काचेतून शेवटचे दिसले ते असे. दोन्ही हात वर करून, बोटांनी बोलावत, आबा पावलापावलाने मागे सरकत होते आणि ट्रॉली त्यांच्याकडे येत होती.