कंटिन्युइटीचा दात

माझ्या खुर्चीत आ करून बसल्यावरही मलाच दिग्दर्शन करणारा पेशंट जगात एकच आहे: आमच्या गल्लीतल्या सिनेमावाल्या मावशी. नागपुरात जरीपटक्याला माझा दातांचा दवाखाना आहे. दिवा तोंडावर आणला की मावशी माझं मनगट धरतात. "वरून नको मारू वं, डोळ्याखाली खड्डे दिसतात." बघणारी मी एकटी, आणि माझं लक्ष दाढेत.

मावशी मूळच्या उमरेडच्या विणकर घरातल्या. अजूनही कुणी नवी साडी नेसून दिसलं की आधी पदर चिमटीत धरतात आणि "हातमागाची नाही, फसवलं तुले" असं तोंडावर सांगतात. तरुणपणी मुंबईला गेल्या आणि जन्मभर हिरोंच्या आया झाल्या. पडद्यावरचा पहिला मुलगा त्यांच्याहून वयानं मोठा होता. एरवी त्याला 'दादा' म्हणायच्या, कॅमेरा सुरू झाला की 'बाळा'. बहुतेक सिनेमांत मध्यंतराच्या आत मरायच्या. त्याचीही तक्रार नाही. "बाकीचे उन्हात राबून राहिले, अन् मी घरी भात लावून राहिली!" नागपूरला परतल्यावरही सवयी सुटल्या नाहीत. भाजीवाल्याशी केलेली घासाघीस मनासारखी रंगली नाही, तर कोपऱ्यापर्यंत जाऊन परत येतात आणि पहिल्यापासून सुरू करतात. आता तोही मुकाट्यानं पहिलाच भाव सांगतो.

अशा मावशींना एका नव्या दिग्दर्शकानं उतारवयात चक्क नायिका केलं. सावनेरकडच्या एका खेड्यात शूटिंग झालं. गावात एकटी राहणारी म्हातारी, तिचा परागंदा झालेला मुलगा. शेवटी दार वाजतं, म्हातारी धावत येऊन कडीला हात घालते. एवढं चित्रित झालं आणि निर्मात्याचं दिग्दर्शकाशी बिनसलं. दार उघडायचा शॉट राहिला. "दिवाळीनंतर करू," असं त्यांना सांगण्यात आलं.

त्यानंतर तीन दिवाळ्या गेल्या. मावशींनी केसांना कात्री लावली नाही की रंग लावला नाही. वजन वाढेल म्हणून लग्नात जेवायला बसल्या नाहीत. पुढचा एक दात टवका उडालेला होता, तो दिग्दर्शकाला आवडला होता, म्हणून तोही तसाच. सिनेमावाले याला कंटिन्युइटी म्हणतात: मागच्या शॉटमध्ये जे होतं, ते पुढच्यात असलंच पाहिजे.

दाताला कंटिन्युइटी कळत नाही. एका सकाळी मावशी सुजलेला गाल पदरात झाकून आल्या. मुळाशी पू झाला होता.

"काढावा लागेल," मी म्हटलं.

"बिलकुल नाही! कडीला हात घातला तेव्हा दात होता. दार उघडल्यावर नसला, तर लोक म्हणतील, बुढीनं दारामागं मार खाल्ला काय?"

"मावशी, लोक दात मोजायला थिएटरात येत नाहीत."

"पोरगं दिसल्यावर ती हसते ना वं! आजवर मले रडवलं, नाही तर मारलं. पहिल्यांदा हसायचं काम भेटलं, अन् तू दात काढून राहिली!"

मी वाद घालत बसले नाही. आधी दाताचं माप घेतलं, फोटो काढला, मग दात काढला. जखम भरल्यावर तसाच दुसरा करून घेतला: डाव्या कोपऱ्याला टवका, चहाचा पिवळेपणा. आयुष्यभर लोकांचे दात नीट करत आले. हा एक मुद्दाम बिघडवला. दात घडवणाऱ्या कारागिरानं दोनदा फोन करून विचारलं, "मॅडम, नक्की तुटकाच पाहिजे ना?" मावशींनी आरशात हसून पाहिलं आणि स्वतःच म्हणाल्या, "ओके."

गेल्या आठवड्यात त्या तपासणीला आल्या. खुर्चीत बसता बसता म्हणाल्या, "दिग्दर्शकाचा फोन आला होता. पिक्चर कायमचं बंद झालं." भाजी महागल्याचं सांगावं, तशा स्वरात.

मला सांत्वन जमत नाही. मी दातांच्या रंगछटांची पट्टी काढली. "बरं झालं. आता छान पांढरा, सरळ दात बसवू."

मावशींनी माझं मनगट धरलं.

"अन् त्या बाईले काय सांगू? तिचं पोरगं दाराबाहेर उभं आहे वं."

मी पट्टी खणात ठेवून दिली. तुटका दात थोडा हलत होता, तो पक्का करून दिला.