मेंढरांच्या भाषेत बोलणारी हरणाबाई

दिनांक १२ फेब्रुवारी १९४८. सरकारी दप्तराप्रमाणे सन १३५७ फसली. परंड्याच्या पश्चिमेस, निजामी हद्दीच्या अगदी काठावरील नाक्यात, हरणाबाई नावाच्या विधवा धनगर स्त्रीची सर्व मेंढरे आवारात कोंडण्यात आली. आरोप असा की, ती माळावर उभी राहून कोणालाही न कळणाऱ्या भाषेत हाळ्या देते आणि त्या हाळ्या हद्दीपलीकडे कॅम्प करून राहिलेल्या स्वातंत्र्यवाल्यांसाठी असतात. आरोपास पुरावा नव्हता. मेंढरांना त्या दिवशी दुपारपर्यंत पाणी मिळाले नाही. ही नोंद आधी करून ठेवणे आवश्यक आहे; कारण पुढे जे झाले ते याहून वाईट झाले, आणि ते करणारे नाक्यावरचे शिपाई नव्हते.

नाक्याचा जमादार हैदराबादकडचा होता. वाईट माणूस नव्हता, पण भेदरलेला होता, आणि भेदरलेल्या अंमलदारास प्रत्येक आवाजात कट ऐकू येतो. त्याने हरणाबाईला समोर उभे केले.

"किसकू बोलती गे तू, माळ पे खडी रहके?"

"मेंढरास्नी बोलते म्या, साहेब."

"मराठी नहीं वो. मेरेकू मराठी समझती. कौनसी जबान है?"

"ती मेंढरांची भाषा हाय."

शिपाई हसले. जमादार हसला नाही. आपली थट्टा चालली आहे असे त्याला वाटले. तो म्हणाला, "मेरेकू नक्को बनाव, अम्मा. जबान का नाव सांग, मेंढरां लेके जा. नहीं तो यहींच मरने दे."

हरणाबाईपाशी याहून दुसरे उत्तर नव्हते. तिच्या समजुतीप्रमाणे ती अक्षरशः खरे बोलत होती.

तिची आई चन्नम्मा लग्न होऊन या मुलखात आली ती दक्षिणेकडून, सोलापूरच्याही पलीकडून. सासरी आल्यावर तिने तोंड उघडले की घर हसायचे. पाणी मागितले तरी हसायचे. सासू शेजारणींना बोलावून आणायची आणि सांगायची, "हिला कायतरी इचारा गं, लई मजा येती." चन्नम्मा हळूहळू मराठी शिकली, घरात तेवढीच बोलू लागली, तीही मोजकी. मग मेंढरे घेऊन माळावर गेली की तिची ती भाषा सुटायची. बा म्हटले की मेंढरे यायची, निल्लु म्हटले की थांबायची. अत्त होगब्याड म्हणजे तिकडे जाऊ नको, नीर कुडी म्हणजे पाणी पी, तोळ म्हणजे लांडगा. पोरीशी ती मराठीच बोलली. आपल्यासारखे हसे पोरीचे होऊ नये, एवढाच त्यात हेतू असावा. परिणाम मात्र असा झाला की, आई माणसांशी माणसांच्या भाषेत बोलते आणि मेंढरांशी मेंढरांच्या, असे हरणाबाईने लहानपणीच धरून ठेवले. ते तिला नवलाचे वाटले नाही. बैलांना वेगळ्या हाका असतात, कोंबड्यांना वेगळ्या. मेंढरांच्या हाका तेवढ्या जास्त आणि लांबलचक, इतकेच.

वाचक विचारतील की, परंड्याच्या बाजारात लिंगायत व्यापारी आहेत, त्यांच्या घरात कानडी चालते, ते तिच्या कानावर कधी पडले नाही काय? पडले असेल. पण व्यापारी गिऱ्हाइकाशी मराठी बोलतो, आणि बाजारहाट आधी तिचा नवरा व्यंकट आणि त्याच्यामागे दीर करीत असे. दुकानाच्या आतून दोन बायका भरभर बोलत असतील तर त्या आवाजात बा आणि निल्लु ओळखणार कोण? शेजारधर्माला तिची जाऊ गजराबाई होती. ती येताजाता टोमणे मारायची, "मेंढरासंगं दिसभर गप्पा, आन् आमी इचारलं तर व्हय-न्हाय. आमाला चार पाय असते तर बोलली असती."

आणि हरणाबाई म्हणायची, "मेंढरं मधीच बोलत न्हाईत, जाऊबाई. म्हनून बरी."

तर हरणाबाई त्या आवारात बसून राहिली. त्याच आवारात परंड्याचे दुकानदार शरणबसप्पा यांच्या गाड्याही अडवून ठेवल्या होत्या आणि ते स्वतः पोत्यांच्या आडोशाला, सावलीत, मोकळीक मिळण्याची वाट पाहत बसले होते. दुपारी एका शिपायाला दया आली आणि त्याने कोंडलेल्या मेंढरांपुढे एक घमेले पाणी ठेवले. सगळी मेंढरे एकदम लोटली. एक म्हातारी मेंढी पुढे घुसून कोकरांना ढकलू लागली, तशी हरणाबाईने कुंपणाबाहेरून तिला दटावले. "निल्लु. अत्त होगब्याड."

पोत्यांमागून आवाज आला, "कुडीलि बिडु."

पिऊ दे तिला, असा त्याचा अर्थ. हरणाबाईने आधी म्हाताऱ्या मेंढीकडे पाहिले. आयुष्यभर ती मेंढरांशी बोलत आली होती आणि आज कोणीतरी उत्तर दिले होते. तिचा पहिला संशय मेंढीवर जावा यात वेडेपणा काहीच नव्हता. मग पोत्यांमागून पागोटे वर आले, आणि त्या पागोट्याखाली माणसाचे तोंड होते.

"यार कलसिद्रु निनग?" शरणबसप्पांनी विचारले. ती नुसती पाहत राहिली, तेव्हा मराठीत म्हणाले, "कुणी शिकवलं तुला हे?"

"तुमाला कशी येती मेंढरांची भाषा?"

"माझ्या आईची भाषा हाय ती, बाई. कानडी."

हरणाबाईने पदराने तोंड पुसले, मेंढरांकडे पाहिले, पुन्हा त्यांच्याकडे पाहिले. मग हळूच विचारले, "मानसं बोलत्यात व्हय ही? एकमेकांसंगं?"

शरणबसप्पांना वाटले, आता सुटका सोपी झाली. ते जमादाराकडे गेले आणि म्हणाले की, ही कसली खूणबीण नव्हे, साधी कानडी आहे. झाले उलटेच. जमादार उसळला. "देखो. कानडी है, और मेरेकू बोली मेंढरां की जबान है. झूट बोली ना?" भाषा तोंडात असून ती भाषा आहे हे माणसाला ठाऊक नसावे, ही गोष्ट त्याच्या डोक्यात शिरेना. शिकलेल्या माणसांच्या डोक्यात ती आजही शिरत नाही. भाषा म्हटली की तिला नाव असते, लिपी असते, पुस्तक असते, असे शाळेने शिकवलेले. नाव नसलेली भाषा म्हणजे लबाडी, हा निष्कर्ष आपोआप निघतो.

शेवटी जमादारानेच उपाय काढला. शरणबसप्पांना म्हणाला, हिला कानडीत काहीतरी विचारा, मी तोंडाकडे पाहतो.

शरणबसप्पांनी विचारले, "निन्न हेसरेनु?"

हरणाबाईला कळले नाही. तुझे नाव काय, एवढेच त्यांनी विचारले होते. पण मेंढीला तिचे नाव कोण विचारतो? गाव कोणते, मुले किती, जेवलीस का, असे एकेक प्रश्न त्यांनी घातले; तिचा चेहरा कोराच राहिला. मग ते म्हणाले, "तोळ." तिने झटकन मागे वळून माळाकडे पाहिले, आणि हात काठीकडे गेला.

त्या वळण्यात खोटेपणा असू शकत नव्हता. जमादार पहिल्यांदा हसला. "इसकू तो मेंढी के इत्तीच आती," तो म्हणाला, आणि मेंढरे सोडली. अट एकच घातली: हद्दीजवळ ही बोली पुन्हा ऐकू येता कामा नये.

हरणाबाईने अट पाळली, कारण मेंढरे पुन्हा कोंडली गेली असती तर ती जगली नसती. ती मराठीत हाका मारू लागली, मेंढरे ऐकेनात. मग ती गप्प राहून काठीने आणि ढेकळांनी त्यांना वळवू लागली. एक गाभण मेंढी हद्दीपलीकडे गेली. "बा" एवढ्या एका अक्षराने ती परत आली असती. हरणाबाईने तोंडावर पदर दाबून धरला आणि तिला जाऊ दिले.

परंतु तिचे कुतूहल गप्प बसेना. थोड्याच दिवसांत ती परंड्याला शरणबसप्पांच्या दुकानी गेली आणि पायरीखाली उभी राहिली. तिला एकाच बोलण्याचा अर्थ हवा होता. संध्याकाळी मेंढरे बसवताना आई नेहमी तेच म्हणायची, आणि ती स्वतःही तेच म्हणत आली होती. तिने ते जसेच्या तसे म्हणून दाखवले: "नन्न यारू माताडसंगिल्ल."

शरणबसप्पांनी ताजव्यातली सुपारी काढून परत डब्यात टाकली. म्हणाले, "गप बसा, असं म्हनती ती मेंढरांस्नी."

"न्हाय. गप बसा म्हंजी सुम्मन कूड. ते म्या वळखते. हे येगळं हाय."

आता त्यांना खोटे बोलायला जागा उरली नाही. ते म्हणाले, "माझ्यासंगं कुणी बोलत न्हाय. असा अर्थ हाय त्याचा, बाई."

हरणाबाईने मान हलवली. भाव विचारून पटला नाही म्हणजे गिऱ्हाईक हलवते, तशी. म्हणाली, "मेंढरं त्याच्यावरच बसत्यात. आता काय बदलू म्या?"

आतून हे सगळे ऐकणाऱ्या शांतम्मा, शरणबसप्पांच्या पत्नी, दाराशी आल्या आणि म्हणाल्या, "ओळग बा." आत ये. पहिला शब्द तिला कळला नाही. दुसरा पक्का कळला. पण तो शब्द तिला उद्देशून आजवर कोणी उच्चारला नव्हता, म्हणून ती मागे वळून पाहू लागली, कोणाला बोलावतात ते. शांतम्मांनी हाताला धरून तिला आत नेले. तिथे काय बोलणे झाले ते ठाऊक नाही. इतकेच ठाऊक आहे की त्यानंतर ती अधूनमधून परंड्याला जाऊ लागली, आणि परतताना वाटेने एकटीच शब्द घोळवीत येत असे.

त्या उन्हाळ्यात पलीकडच्या कॅम्पातील लोकांनी नाक्यावर छापा घातला. दुसऱ्या दिवशी निजामी पोलीस आले आणि सूड म्हणून, नाक्याशेजारी ज्याचे शेत होते त्या रामकिसनच्या वैरणीच्या गंजी त्यांनी पेटवून दिल्या. हरणाबाई तेव्हा माळावर होती, मुकाट. वाचकांनी हे ध्यानात ठेवावे. ज्या महिन्यांत तिच्या हाळ्यांनी छापा आणला असे आज सांगितले जाते, त्या महिन्यांत तिने हाळी दिलीच नव्हती.

सप्टेंबरात निजामाचे राज्य गेले, नाका गेला, हद्द गेली. ती पुन्हा मेंढरांशी बोलू लागली. आणि पुढच्या जानेवारीत गावात सभा झाली. कॅम्पातून परतलेला श्रीमंत नावाचा तरुण भाषणात म्हणाला की, आपल्या गावच्या एका अडाणी मायमाऊलीने मेंढरांच्या हाळ्यांतून आम्हाला नाक्यावरच्या बातम्या पोहोचवल्या. श्रीमंत खोटारडा नव्हे. हद्दीपलीकडे ओढ्यात लपून बसलेल्या या पोराला, आदल्या हिवाळ्यात, मेंढरे कोंडली जाण्याआधी, अपरिचित हाळी ऐकून धीर आला होता. तो धीर आपल्याचसाठी होता असे त्याने धरले. जमादारानेही तेच धरले होते, फक्त भीतीपोटी. दोघांनाही न कळलेल्या बोलण्याचा अर्थ आपल्याकडेच वळलेला दिसला.

हरणाबाईच्या गळ्यात हार घातला. ती म्हणाली, "म्या मेंढरास्नीच बोलत हुते." लोकांनी टाळ्या वाजवल्या. केवढा विनय, असे पुढच्या रांगेतले म्हणाले. ती पुन्हा म्हणाली, "आवो, खरंच मेंढरास्नी." टाळ्या आणखी वाढल्या.

सभेच्या कडेला रामकिसन उभा होता. त्याने टाळी वाजवली नाही. दुसऱ्या दिवशी ती मेंढरे पाण्यावर घेऊन गेली, तर ओढ्यातल्या डोहाच्या वाटेवर त्याने बाभळीच्या फांद्या टाकल्या होत्या. तो डोह त्याच्या बांधाला लागून आहे, पण पाणी सगळ्यांचे आहे.

"तुझ्या हाळीनं माझी वैरण जळाली," तो म्हणाला. "तुला हार, आन् माझी जनावरं उपाशी."

"रामकिसनभाऊ, म्या तवा तोंडच उघडलं न्हवतं."

"सभेत गाव सांगतंय, आन् तू एकटी न्हाय म्हनतीस. लई हुशार हायस."

तिचा नकार गौरव करणाऱ्यांना विनय वाटतो आणि रामकिसनला कावा वाटतो. तिसरा ऐकणारा कोणी नाही. शिवाय जाणारेयेणारे माळावर थांबतात, "ती खूण करून दाखव की मावशी" म्हणतात, पोरे बा-बा ओरडत कळपात धावतात, आणि मेंढरे कोणाच्या हाकेला जावे हे न कळून बिथरतात. आज ती मेंढरे कोसभर लांबच्या विहिरीवर नेते. तिथेही परवानगी मागून. दोन कोकरे वाटेत मेली आहेत.

रामकिसनची वैरण खरोखर जळाली. त्याचा राग खोटा नाही, रागाचा पत्ता खोटा आहे. तो पत्ता त्याला त्या सभेने दिला, आणि सभेत टाळ्या वाजवणारे या मजकुराचे वाचकच आहेत.

म्हणून मागणी अशी: जे त्या सभेला होते त्यांनी रामकिसनच्या बांधावर स्वतः जावे, हरणाबाईने कसलीही खूण केली नव्हती असे त्याला स्पष्ट सांगावे, आणि त्याच्या देखत त्या वाटेवरच्या फांद्या आपल्या हातांनी काढाव्यात. उन्हाळा लागला आहे. पुढची सभा फांद्या निघाल्यानंतर घ्या.