दाढकाकांचा डबा

दाढकाकांचं खरं नाव हजेरीपुस्तकात असेल तर असेल. गोदामात ते कुणाला माहीत नव्हतं. छपराला टेकलेल्या गव्हाच्या थप्प्या, आणि दारात बसून काका. पोत्यात टोकदार परखी खुपसायची, चार दाणे तळहातावर घ्यायचे आणि दाढेखाली द्यायचे. कट्ट वाजलं की माल कोरडा, नाही वाजलं की ओला. ओला माल परत.

चावलेला दाणा थुंकायला सरकारी बादली होती. ती सदैव लख्ख कोरडी. साहेब नव्या लोकांना ती दाखवायचे, "स्वच्छता शिका यांच्याकडून!" आता दिवसाला तीनशे पोती आणि पोत्यामागे चार दाणे म्हणजे किती होतात ते तुम्हीच बघा. फाटकावरचा पहारेकरी खिसे झाडून घेई, पण पोट कोण झाडणार? काका वरून दोन तांबे पाणी पीत. पोट टम्म!

हा सगळा खटाटोप डब्यासाठी. घरी एकाच डब्यापुरतं शिजे. तो काका तसाच परत नेत आणि बायकोपुढे ठेवून म्हणत, "आज भूकच नव्हती बघ. तूच खा." काकू "रोज मेलं उरवतात" असं पुटपुटत आत जात, भांडं वाजवत, आणि पदराला तोंड पुसत बाहेर येत.

एके दिवशी गोदामात ओल मोजायचं यंत्र आलं.

"काका," साहेब खूश होऊन म्हणाले, "तुमच्या दाढांना पेन्शन! आता नुसतं बटण दाबायचं."

बटण दाबून का पोट भरतं? दुपारपर्यंत काकांच्या डोळ्यांपुढे काजवे चमकले. शेवटी मन घट्ट करून, कित्येक महिन्यांत पहिल्यांदाच, त्यांनी डबा उघडला. आत फडक्यात नीट गुंडाळलेला एक गुळगुळीत धोंडा.

शेजारचा हमाल डोकावला. "काका, काकू रागावल्यात की काय?"

"पथ्य आहे," म्हणत काकांनी झाकण लावलं.

घरी गेल्यावर मात्र त्यांनी नेहमीसारखाच डबा पुढे केला. "भूकच नव्हती बघ. तूच खा."

काकू आत गेल्या. भांडं वाजलं. काकांनी बाहेरून विचारलं, "मीठ बरोबर आहे ना गं?"

"जरा कमीच पडलंय."

"आणि शिजलाय का नीट?"

आतलं भांडं वाजायचं थांबलं. काकू दारात आल्या. "उघडलात वाटतं."

"कधीपासून?"

"कापणी झाली तेव्हापासून. तुम्ही नाही का सांगत आलात, गोदामात पाय ठेवायला जागा नाही म्हणून? त्या दिवशी आपला घरचा पिठाचा डबा रिकामा होता. जेवणाचा डबा रिकामा दिला तर हलका लागतो, म्हणून..."

"मग रोज आत जाऊन करत काय होतीस?"

"भांडं वाजवत होते. आणि तुम्ही हो? रोज कशी नव्हती भूक?"

काकांनी बादलीचं गुपित सांगितलं. काकू डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसल्या, आणि नंतर ते पाणी हसण्याचंच की कसलं, हे काकांना नीट कळेना.

दुसऱ्या दिवशी पहिलाच ट्रक आला. यंत्र म्हणालं, कोरडा. सवयीने काकांनी दाणा दाढेखाली दिला. कट्ट नाही, काही नाही!

"साहेब, माल ओला आहे."

"यंत्र खोटं बोलेल?"

काकांनी शांतपणे यंत्राची दांडी साहेबांच्या चहात बुडवली. यंत्र म्हणालं, कोरडा.

साहेबांनी पोत्यात कोपरापर्यंत हात घातला. आतला गहू ओलीने तापून चांगला गरम लागला. हा माल थप्पीत जाऊन कुजला असता तर साहेबांची खुर्चीच गेली असती. "काका, तुमच्या दाढाच बऱ्या! लागा कामाला."

"लागतो. पण माझंही वय झालं, साहेब. चुकलो तर तुम्ही अडचणीत. दोन दाढांचं मत जुळलं तरच माल आत घ्यावा."

"दुसरी दाढ कुठून आणू?"

"आमच्या घरी आहे एक. कापणीपासून धोंड्यावर दिवस काढलेत तिने. पक्की आहे."

दुसऱ्या दिवसापासून दारात दोन स्टुलं आणि दोन बादल्या. पहिलं पोतं आलं, तसे काकूंनी दाणे तोंडात टाकले. साहेब वाट बघत उभे. "काय काकू, कोरडा की ओला?"

काकूंचं तोंड चालूच होतं. "अजून नीट कळत नाही हो," त्यांनी परखीकडे हात केला. "आणखी जरा बघू द्या."