पूलकाठचे बॅटरीचे दिवे

दिव्यांच्या दुकानात उजेड विकला जातो, किस्से शिल्लक राहतात. तेल अवीवपासून लांब, ओफाकिम गावातल्या माझ्या दुकानातले निम्मे तर एझ्राकाकांच्या घरचे! काका आमच्या अलिबागकडचे ज्यू, इथे कापडगिरणीत कामाला.

*

बॅटरीवरच्या रंगीत दिव्यांची माळ नवीन आली, तेव्हा पहिलं गिऱ्हाईक त्यांची बायको, दीनाकाकू. दुसऱ्या दिवशी माळ परत!

"बंद पडली रे मेल्या!"

बघतो तर सेलच्या डबीतून पाणी ठिबकतंय. कोकणात सिनेगॉगमधला कंदील म्हणजे पेल्यात खाली पाणी, वर खोबरेल, त्यात वात. काकूंनी डबीच पेल्यात बुडवलेली!

"काकू, याला पाणी चालत नाही."

"बिनपाण्याचा दिवा? म्हणूनच देव या देशात ऐकत नाही आपलं!"

*

सुक्कोथच्या सणाच्या मांडवाला काकांनी नवी माळ नेली. सेल सारखे संपतात म्हणून डबी कापली आणि तारा थेट घरच्या विजेला जोडल्या. फरशी नुकतीच धुतलेली, काका अनवाणी. बल्ब फटाफट फुटले, काका भिंतीवर!

"करंट लागला, काका?"

"छे! साक्षात प्रेषित एलियाहू हन्नाबी भेटले. म्हणाले, पोरीचं लग्न व्हायचंय, माघारी जा!"

*

पोरीचं, याएलचं, लग्न ठरलं ते तेल अवीवच्या बड्या घरी. व्याही मूळचे युरोपातले. काका दोन-तीनदा जाऊन आले, पण व्याह्यांनी धड हाकही मारली नाही.

"एकदा चारचौघांत मला व्याही म्हणू देत," काका म्हणायचे, "मग डोळे मिटले तरी चालतील."

मेंदीला याएल हिब्रूत म्हणाली, "लो!" म्हणजे नको. मलिद्याच्या गोड पोह्यांच्या ताटालाही "लो!"

"बरं, दिवे तरी माझे लावू?"

ती गप्प. आमच्यात यालाच परवानगी म्हणतात!

*

लग्न हॉटेलच्या स्विमिंग पूलपाशी. काकांनी आणि मी माळा पाण्यापासून लांब लावल्या, डब्या खुर्च्यांच्या पाठीला उंच बांधल्या, वर प्लास्टिकच्या पिशव्या. व्याही हसले, "तुमच्या गावात वीज नाही वाटतं?" आणि त्यांनी थेट हॉटेलच्या विजेवरची झगझगीत माळ पूलच्या पाण्यावरून आरपार ओढायला लावली.

"साहेब, ही तार भिजली तर जीव घेईल!" काका मोठ्याने म्हणाले. कोण ऐकतो!

जेवणं सुरू झाली आणि वाऱ्याने माळ पाण्यात पडली. नशीब, आत पोहायला कोणी नव्हतं. फ्यूज उडाला, सगळीकडे काळोख. उजेड फक्त काकांच्या दिव्यांचा, आणि त्यात कोट घालून उभे काका.

व्याह्यांनी त्यांच्याकडे नीट पाहिलं. बोट वर केलं.

"ए वेटर, तो दिवा इकडे आण!"

काकांनी खुर्चीची माळ सोडली, घेऊन गेले, आणि व्याह्यांचं जेवण होईपर्यंत ती त्यांच्या ताटावर धरून उभे राहिले.