चौकोनांतलं भाषण

कपाट आवरताना बाबांचा जुना पेनड्राइव्ह सापडला आणि एकलहऱ्याच्या वीजकेंद्राच्या कॉलनीतला आमचा कॉम्प्युटर आठवला. तो चालू होईपर्यंत आमचा चहा पिऊन व्हायचा, म्हणून मी मैत्रिणीच्या सीडीवरून त्यात कुणीतरी कापून-छाटून हलकी केलेली विंडोज टाकली. मशीन एकदम पळायला लागलं. दुसऱ्या दिवशी वीजकेंद्रात बाबांचा निरोपसमारंभ होता. त्यांनी महिनाभर एका बोटानं टाइप करून या पेनड्राइव्हवर ठेवलेलं भाषण मी आदल्या रात्री उघडलं, तर पानभर नुसते रिकामे चौकोन! हलकं करणाऱ्यानं व्हायरस अडवणारं सगळं काढलं होतं आणि मराठी अक्षरंही काढून टाकली होती. मला रडूच फुटलं. बाबांनी चष्मा चढवला, स्क्रीनवर बोट ठेवलं आणि त्या चौकोनांवरून खणखणीत वाचायला लागले. बॉयलरची धग, पहिली पाळी, डब्यातली भाकरी, आणि शेवटी, "घरी आलो की दार माझी लेकच उघडायची, म्हणून कधी दमलो नाही." मग म्हणाले, "पाठ आहे गं मला सगळं." आज लॅपटॉपवर ती फाइल उघडली. धग आहे, पाळी आहे, भाकरीसुद्धा आहे. दार उघडणारी लेक मात्र त्यात कुठेच नाही.