उरलेला सीन

पवनीच्या बाजारात न्हाव्याच्या दुकानासमोरून जाताना तो दाढीवर हात ठेवायचा. न्हावी आतून ओरडायचा, "का बे हिरो, आज तरी बसशीन का?"

"सीन बाकी हाये जी."

तो वैनगंगेत मासे धरायचा. मी भंडाऱ्याच्या एका साप्ताहिकाचा वार्ताहर. 'पवनीचा मासेमार सिनेमात' ही बातमी मीच दिली होती. सत्तरच्या दशकात मुंबईहून चार केसाळ तरुण कॅमेरा घेऊन आले. त्यांच्या सिनेमाला गोष्ट नव्हती, गाणी नव्हती, आणि तो थेटरात लागणार नव्हता. दिग्दर्शकाचे फोटो मात्र मासिकांत छापून येत. आठ दिवस त्यांनी याला डोंग्यात उभा करून जाळे फेकायला लावले. जाताना दिग्दर्शक म्हणाला, "दाढी अशीच ठेव. उरलेला सीन पुढच्या महिन्यात."

तेव्हा ती चार बोटे होती. पुढे छातीपर्यंत आली. तुम्ही पाहिले असते तर साधू समजला असता. मी एकदा विचारले तेव्हा म्हणाला, "दाढी काढली त पिच्चरमधला मानूस मीच हाय, हे कोन मानन?"

मग बाप वारला. दहाव्याला नदीवर धाकट्या भावाने मुंडन केले. हा दाढीवर हात ठेवून बाजूला उभा राहिला.

"बापापेक्षा पिच्चर मोठा झाला का रे तुले?" भाऊ म्हणाला.

त्यानंतर भाऊ त्याच्या डोंग्यात बसला नाही. एकाने वल्हवायचे, दुसऱ्याने जाळे फेकायचे, अशी ती रीत. तो दोन्ही एकटा करू लागला.

सहा वर्षांनी नागपूरला एका फिल्म सोसायटीत मी तो सिनेमा पाहिला. परत आल्यावर घाटावर गेलो.

"दिसलो का जी?"

"दिसलास."

"तोंड?"

असेल तेच सांगायचे, ही माझ्या कामाची सवय. "पाठ दिसली. जाळे फेकताना. सिनेमा कधीच पुरा झाला आहे."

त्याचा हात दाढीवरून खाली आला. म्हणाला, "जाळं नीट पसरलं होतं का?"

"गोल."

दुसऱ्या दिवशी सकाळी तो घाटावरच्या न्हाव्यापुढे बसला. डोके, दाढी, मिशी, सगळे काढायला लावले आणि बापाच्या नावाने पाणी सोडले. भावाला निरोप धाडला होता. भाऊ आला नाही.

त्याच आठवड्यात बाजारात एक चकोट माणूस न्हाव्याच्या दुकानासमोरून गेला. त्याचा हात हनुवटीपर्यंत आला आणि तिथे थोडा थांबला.

आतून कोणी ओरडले नाही.